बाहेरची पिशवी

२०४३ साली माझ्या लेकीचं पहिलं बाळंतपण आमच्या मिरजेत झालं. बाळ वाढत होतं तेव्हा लेक समुद्रात होती.

शर्वरी देवगडच्या किनाऱ्यापासून आत उभ्या केलेल्या पवनचक्क्यांवर इंजिनिअर होती. दोरीला लटकून उंच खांबावर चढायचं, पात्यांची तपासणी करायची, बोटीवर झोपायचं. कंपनी गरोदर बाईला खांबावर चढू देत नसे आणि शर्वरीला खाली टेबलाशी बसायचं नव्हतं. तिनं नवऱ्याशी बोलून निर्णय घेतला आणि मला फोनवर सांगितला. बाळ पोटात नाही, केंद्रात वाढणार होतं.

त्या यंत्राचं कागदोपत्री नाव बाह्य गर्भाशय. आम्ही बायका त्याला बाहेरची पिशवी म्हणायचो. पूर्वी बायका ‘पिशवी काढली’ म्हणायच्या, आता ‘पिशवी लावली’ म्हणू लागल्या.

मला ते मुळीच आवडलं नव्हतं. शर्वरीच्या वेळी मी सांगलीला बँकेत काउंटरवर बसायची. नवव्या महिन्यापर्यंत पोटावर फाईल टेकवून सह्या केल्या. ही आतून लाथ मारायची आणि फाईल उडायची. समोरचे पेन्शनर आजोबा हसून म्हणायचे, साहेब आले वाटतं तपासणीला. तो आनंद काचेत कुठून येणार? पण लेकीनं ठरवलं होतं. मग मी एकाच गोष्टीवर अडून बसले. पहिलं बाळंतपण माहेरी.

यावर नागपूरहून विहीणबाईंचा फोन आला. रंजनाताई ढोमणे. निहारची आई.

“बाळंतपण कोणाचं आहे जी?” त्या म्हणाल्या. “मशीनचं. मशीनचं माहेर कुठं असते?”

“मशीन मिरजेचं हाय, म्हणजे माहेर मिरजच की.”

“आमच्या नागपुरात काय पिशव्या नाही मिळत?”

“मिळत असतील. पण आमच्याकडं पद्धत हाय.”

“पद्धत पोटाची होती, ताई. पोट तर तुमच्या पोरीनं गहाण ठेवलं समुद्राजवळ.”

त्या दिवसापासून मला त्या बाईचा राग आहे. आता मी ऐंशी ओलांडली आहे, बरीच माणसं आणि बरेच राग विसरले, पण हा नाही.

पद्धत मात्र राहिली. पिशवी मिरजेलाच लागली.

केंद्राच्या डॉक्टर तबस्सुम मुजावर मिरजेच्याच. शांत बाई. त्यांनी पहिल्याच भेटीत आम्हा सगळ्यांना पडद्यावर दाखवलं. शर्वरीचं बीज आणि निहारचं बीज एका थेंबात एकत्र आलं. एका पेशीच्या दोन झाल्या, दोनाच्या चार, आणि थोड्याच दिवसांत तुतीच्या फळासारखा गोळा. तो आतून पोकळ झाला. त्याच्या बाहेरच्या पेशींची वार होणार होती आणि आतल्या मूठभर पेशींचं बाळ. शर्वरीच्याच शरीरातून घेतलेल्या पेशींपासून एक मऊ अस्तर वाढवलेलं होतं. त्या अस्तरात तो गोळा रुतला, रुजला. अस्तराच्या पलीकडं रक्त फिरवणारं यंत्र. आईच्या जागी तेवढंच यंत्र होतं. बाकी सगळं बाळ स्वतःच करत होतं.

“पोटात होतं तेच इथं होतं,” डॉक्टर म्हणाल्या. “फक्त दिसतं.”

दिसतं, हीच अडचण होती. आमच्या वेळी नऊ महिने कुणाला काही दिसायचं नाही, म्हणून कुणाला काही बोलता यायचं नाही. इथं काचेपुढं दोन घरं बसलेली.

महिनाभरात हृदय सुरू झालं. हृदय कसलं, वळलेली एक नळी, पण ती धडधडायला लागली आणि मला रडू आलं. पडद्यावर बाळ वाटाण्याएवढं. डोकं वाकलेलं, हातापायांच्या जागी कोंब, आणि मागं चक्क शेपूट.

“शेपूट आहे!” रंजनाताई म्हणाल्या. “माहेरच्या बाजूनं आलं दिसते.”

“आता जाईल ते,” मी म्हटलं. “नागपूरला नेलं तर मात्र परत वाढंल.”

निहार हसला. शर्वरी तेव्हा सुट्टीवर होती, तीही हसली. दोघं एकत्र हसलेली मी तेव्हाच शेवटची पाहिली.

शेपूट गेलं. हात आधी चपटे होते, वल्ह्यासारखे. मग बोटं सुटी झाली. डॉक्टरांनी सांगितलं की बोटं बाहेर फुटत नाहीत, बोटांमधल्या पेशी मरून जातात आणि उरतं ते बोट. मी त्या रात्री शर्वरीच्या बाबांच्या फोटोपुढं बसून हे त्यांना सांगितलं. ते असते तर त्यांना पटलं नसतं.

तिसरा महिना संपेतो नाक, कान, पापण्या सगळं जागच्या जागी आलं. पापण्या मात्र चिकटलेल्या. बाळ पाणी गिळायचं, पुन्हा बाहेर टाकायचं. अंगभर बारीक लव आली. मुलगी आहे हेही कळलं. आणि जसजशी ती मुलगी पुरी होत होती, तसतसा तिच्या आईबापांचा संसार उसवत होता.

निहारला नागपूरला मोठी नोकरी मिळाली. त्याला वाटलं, आता शर्वरीनं समुद्र सोडावा. शर्वरीला वाटलं, आपण पोटात बाळ न ठेवता जो समुद्र राखला तो आता का सोडायचा? आधी फोनवर भांडणं झाली. मग फोन बंद झाले. पाचव्या महिन्यात वकिलांची पत्रं सुरू झाली. घटस्फोटाला दोघं तयार होते. बाळ सोडायला कुणीच तयार नव्हतं.

इथं कायद्याचं थोडं सांगायला हवं. पूर्वी कोर्टापुढं एक गोष्ट पक्की असायची, बाळ कुणी पोटात वाढवलं. तान्हं मूल आईकडं, हे न्यायाधीशाला शिकवावं लागत नव्हतं. पिशव्या आल्या आणि ती गोष्ट गेली. बीज दोघांचं सारखं, पैसे दोघांचे सारखे, पोट कुणाचंच नाही. मग मूल कुणाचं? त्या काळात कोर्टांनी एक परीक्षा काढली होती. मूल ज्याला ओळखतं, त्याच्याकडं पहिली तीन वर्षं राहील.

नवजात मूल ओळखतं कशानं, तर आवाजानं. डॉक्टर मुजावरांनी मला हे नीट समजावलं. सहाव्या महिन्याच्या आसपास कानाच्या आतलं काम पुरं होतं आणि बाळ ऐकू लागतं. पण ते पाण्यात असतं. पाण्यातून आणि पिशवीच्या भिंतीतून शब्द पोचत नाहीत. अक्षरं गळून पडतात, उरतात ते फक्त आवाजाचे चढउतार, त्याची चाल. रोज ऐकलेली चाल बाळाच्या डोक्यात बसते, आणि जन्मल्यावर तीच चाल कानावर आली की त्याला ओळखीचं वाटतं.

“म्हणून आईचा आवाज?” मी विचारलं.

“पोटात असताना आईचा आवाज आपोआपच मिळायचा,” त्या म्हणाल्या. “इथं द्यावा लागतो.”

त्यासाठी पिशवीशेजारी एक खोली होती. तिला बोलखोली म्हणायचे. त्या खोलीतला आवाज पिशवीत जायचा. कोर्टानं दोन्ही पक्षांना वेळ वाटून दिला, सकाळ माहेरची, दुपार सासरची. आईबापांना जमत नसेल तर त्यांच्या घरातल्या कुणीही बोलावं. शर्वरी समुद्रात, निहार नागपुरात. शर्वरी बोटीवरून आवाज भरून पाठवायची, पण तो स्पीकरमधून यायचा, बारीक, कोरडा, वाऱ्यानं खाल्लेला. दोन माणसं उरली. मी, आणि मिरजेतच किल्ला भागात खोली भाड्यानं घेऊन राहायला आलेल्या रंजनाताई ढोमणे.

सातव्या महिन्यात मी हिरवी साडी घेऊन केंद्रात गेले. ओटी भरायची, पण भरायची कुणाची? पहारेकरी म्हणाला, काकू, आत कापड न्यायला बंदी आहे. मी साडी तशीच परत आणली. रंजनाताई दारातच होत्या. म्हणाल्या, “तुम्हीच नेसून घ्या. नाही तरी नाचून तुम्हीच राहिल्या.”

मी सकाळी बोलखोलीत बसून श्लोक म्हणायची. जुने, माझ्या आईनं शिकवलेले. आवाज मऊ करायची, तोंडात खडीसाखर ठेवल्यासारखा. ‘छकुली गं, ही बघ आजी आली, तुझी आई येणारे हं लवकर.’ दुपारी रंजनाताई पाळणा म्हणायच्या. त्याही असाच गोड, नाकातला आवाज काढायच्या. त्यांचा खरा आवाज तसा नव्हताच. त्यांचा खरा आवाज मला रोज दुपारी, पाळी बदलताना ऐकू यायचा.

“झाली ना वेळ? उठा आता.”

“उठतो की. श्लोक अर्धा टाकून उठू?”

“अर्धाच बरा. अन् ‘उठतो’ काय म्हणता जी? पुरुष आहात का? पोरीला बाई करायचं आहे का बुवा?”

“आमच्याकडं बायका असंच म्हणत्यात. तुमच्यासारखं ‘करून राहिली, जाऊन राहिली’ नाही. कुठं राहिली ते तरी एकदा सांगा की!”

“मी इथंच राहिली, तुमच्या छातीवर.”

“राहा की. पण पोरगी शर्वरीची हाय.”

“पोरगी माझ्या निहारची आहे. तुमच्या पोरीला खांबावर चढायला वेळ आहे, लेकराला आवाज द्यायला नाही!”

“आणि तुमच्या लेकाला? त्याला फक्त सही करायला वेळ!”

हे रोज चालायचं. मी वेळेआधी उठत नसे आणि त्या वेळेवर येत नसत, आधीच येऊन उभ्या राहत. संध्याकाळी त्यांची पाळी संपायच्या आधी मी पुन्हा जायची, बाई जास्त वेळ तर बसत नाही ना ते बघायला. भांडताना आम्ही काचेकडं बघतसुद्धा नव्हतो. आम्हा दोघींना पक्कं वाटायचं, बाळाशी बोललेलं तेवढंच बाळाला जातं. बाकीचं आमचं आमचं.

पिशवीत मुलगी भरत होती. पापण्या उघडल्या. अंगावरची लव झडू लागली, कातडीखाली चरबी आली, सुरकुत्या गेल्या. फुप्फुसं श्वासासाठी तयार होत होती. आठव्या महिन्यात एक दिवस ती सावकाश फिरली आणि तिचं डोकं खाली आलं. खाली वाट नव्हती, बाहेर पडायचं दार नव्हतं, तरी डोकं खाली. मी बराच वेळ बघत राहिले. मला वाटलं, हिला तरी पद्धत कळते.

दिवस भरले. शर्वरी बोटीनं किनाऱ्याला आली, तिथून मिरजेला. निहार नागपूरहून आला. दोघं काचेच्या दोन बाजूंना उभे राहिले. पाणी काढून घेतलं, पिशवी उघडली, नाळ बांधून कापली. मुलगी रडली. मोठा, रागीट आवाज. रंजनाताई आणि मी एकाच वेळी म्हणालो, “आमच्यावर गेली!” आणि एकमेकींकडं खाऊ की गिळू असं पाहिलं.

तीन-चार दिवसांनी परीक्षा झाली. कोर्टाचा माणूस, दोन वकील, डॉक्टर आणि आम्ही. परीक्षा साधी होती. मुलीच्या तोंडात रबराची चोखणी द्यायची. तिला तार जोडलेली, चोखण्याचा जोर पडद्यावर रेघेसारखा दिसतो. ओळखीचा आवाज आला की मूल जोरात, भराभरा चोखतं. अनोळखी असला की रेघ सपाट.

आधी शर्वरी बसली. समुद्राच्या उन्हानं काळवंडलेली माझी पोर, हात खरबरीत. तिनं बोलायचं लिहून आणलं होतं, ते बाजूला ठेवलं.

“बाळा, मी आई. मी रोज बोलत होते तुझ्याशी. वारा फार असायचा गं. ऐकू आलं का तुला?”

रेघ सपाट.

“मी आई आहे,” ती पुन्हा म्हणाली. मग ती उठून बाजूला झाली.

निहार बसला. त्यानं गाणं म्हणायचा प्रयत्न केला. रेघ सपाट. मी माझ्या मऊ आवाजात श्लोक म्हटले. रंजनाताईंनी पाळणा म्हटला. सपाट. मुलगी कंटाळली, चोखणी थुंकली आणि ओरडून रडू लागली. कुणाच्याच हाताला, कुणाच्याच आवाजाला ती ऐकेना.

“घाबरवून ठेवली तुम्ही पोरीला!” रंजनाताई माझ्यावर ओरडल्या. “सकाळपासून ते श्लोक! श्राद्धाला बसल्यासारखे!”

“आणि तुमचं नाकातलं रडगाणं? म्हैस अडल्यागत!”

“मले म्हैस म्हणता?”

“म्हैस बरी, दूध तरी देती!”

“बघा, बघा वकीलसाहेब, हे यांचे संस्कार!”

“संस्कार काढू नका, सांगून ठेवतो!”

डॉक्टरांनी हात वर केला. मुलगी रडायची थांबली होती. नर्सनं पुन्हा चोखणी दिली होती आणि पडद्यावरची रेघ उंच चढत होती.

आम्ही गप्प झालो. रेघ पडली. मुलीचं तोंड वाकडं झालं.

“थांबू नका,” डॉक्टर म्हणाल्या. “बोला.”

“काय बोलू?” मी म्हटलं.

“मघाशी बोलत होता तेच.”

आता सांगून का भांडता येतं? आम्ही दोघी एकमेकींकडं बघत उभ्या. मुलगी पुन्हा रडू लागली. शेवटी रंजनाताई म्हणाल्या, “आता का दातखीळ बसली? एरवी तर तोंड बंद नसते!” आणि मला तेवढं पुरलं. आम्ही भांडलो. मुलगी डोळे उघडे ठेवून, शांतपणे, भराभरा चोखत राहिली.

“हिला पाळणा माहीत नाही,” डॉक्टर हळू म्हणाल्या. “तो आवाज तुमचा नव्हताच, रोज थोडा वेगळा निघायचा. भांडताना मात्र तुम्ही रोज सारख्याच बोलत होता. बोलखोलीत बोललेलं सगळंच आत जातं. तिला शब्द कळलेले नाहीत. एक आवाज चढतो, दुसरा त्याच्यावर चढतो, मग दोन्ही एकदम. ही चाल तिच्या ओळखीची आहे.”

शर्वरीनं आम्हा दोघींकडं पाहिलं.

“मी तिकडं खांबावर तिची आठवण काढत होते,” ती म्हणाली, “आणि तुम्ही दोघी तिला हे ऐकवत होता?”

मी काही बोलले नाही. रंजनाताईही नाही. आणि आम्ही बोलत नव्हतो म्हणून मुलगी रडत होती.

सांगलीच्या कोर्टात अहवाल वाचला गेला. दोन्ही वकिलांनी तो आपल्या बाजूचा आहे असं सांगितलं. न्यायाधीशबाई वयानं माझ्याएवढ्याच होत्या. त्यांनी चष्मा काढला.

“या मुलीनं आईला ओळखलं नाही, वडिलांना ओळखलं नाही, आज्यांनाही वेगवेगळं ओळखलं नाही. तिनं ओळखलं ते तुमचं वैर. आता ते मी कुणाच्या ताब्यात देऊ?”

दोन्ही वकील कागद चाळू लागले.

त्यांनी डॉक्टरांना विचारलं. डॉक्टर म्हणाल्या की ओळख म्हणजे माया नव्हे. नवी ओळख लागते, लवकर लागते, पण जुनी एकदम तोडली तर मूल कासावीस होतं. जुनीच्या आधारानं नवी लावावी. न्यायाधीशबाईंनी तसाच निकाल दिला. मूल आईकडं, मिरजेत. आईनं वर्षभर समुद्रावर जाऊ नये. वडिलांना हवं तेव्हा भेट. आणि वर्षभर दोन्ही आज्यांनी एकाच इमारतीत राहावं.

“कशासाठी?” रंजनाताईंनी विचारलं.

“भांडायला,” न्यायाधीशबाई म्हणाल्या.

असं ते वर्ष. शर्वरी मुलीला मांडीवर घ्यायची आणि आम्हाला हाक मारायची. आम्ही समोरासमोर बसायचो आणि सुरू करायचो. कोथिंबीर कशी निवडावी, लंगोट कुठं वाळत घालावेत, नाव काय ठेवावं. मुलगी शांत झाली की शर्वरी हळूच गुणगुणायला लागायची, आमच्या आवाजाच्या खालून. मग ती हातानं खूण करायची आणि आम्ही आवाज उतरवायचो. रोज थोडा अधिक. भांडण अर्धं सोडून उठणं किती अवघड असतं, हे ज्यानं केलं त्यालाच कळेल. पाचव्या महिन्यात एका सकाळी मुलगी जागी झाली, रडली, शर्वरीनं नुसतं “काय गं?” म्हटलं आणि ती थांबली. मान वळवून आईकडं बघत राहिली. शर्वरी स्वयंपाकघरात आली, आमच्या दोघींकडं पाहून म्हणाली, “आता तुम्ही गप्प बसलात तरी चालेल.” तिच्या आवाजात माया नव्हती. आम्हाला तिनं पुढंही फार दिवस माफ केलं नाही.

आम्ही गप्प बसलो नाही. सवय लागली होती.

निहारनं नागपुरात दुसरं लग्न केलं. दिवाळीला येतो, मुलीचे केस, कपडे, मार्क सगळ्यांत खोड काढतो आणि जातो. मला तो आजही आवडत नाही. मुलगी शाळेत जाऊ लागल्यावर शर्वरी समुद्रावर परतली. आता गुडघे दुखतात म्हणून नव्या पोरींना खांबावर चढायला शिकवते. डॉक्टर मुजावरांनी केंद्रातली बोलखोली बदलून घेतली. पाळी बदलताना आवाज आपोआप बंद होतो. ओळखीची परीक्षाही काही वर्षांनी कायद्यातून गेली. न्यायाधीशबाई निवृत्तीनंतर वारल्या, पेपरात बातमी होती.

मुलीचं नाव यमुना. नाव रंजनाताईंच्या आईचं, हे मला आजवर सलत आलं. ती आता पुण्याला शिकते. अर्धं सांगलीचं, अर्धं नागपूरचं बोलते. वसतिगृहात शेजारच्या खोलीत पोरी भांडायला लागल्या की हिला छान झोप लागते, असं तिच्या मैत्रिणी सांगतात.

रंजनाताई वर्ष संपल्यावर नागपूरला गेल्याच नाहीत. समोरच्याच दारात राहिल्या. मागच्या उन्हाळ्यात आजारी पडल्या. मी दुपारी भरीत करून नेलं. त्यांनी एक घास चाखला, ताट सरकवलं आणि म्हणाल्या, “तुमची वांगी असतील कृष्णाकाठची, पण भरीत म्हणजे काय ते तुम्हाला—” आणि त्यांना धाप लागली. मी उत्तर तयार ठेवून वाट बघत बसले. त्यांनी डोळे मिटले ते मिटलेच.

वाक्य तसंच टाकून गेली बाई. मला बोलायची पाळीच दिली नाही. त्याबद्दल मी तिला अजून माफ केलेलं नाही.